टोक मोडलेल्या पट्टीने ऐकलेली हाक

त्या दिवशीही मी रोजच्यासारखीच दोमितिलाच्या उजव्या हातात होते. मागावर लाल-काळ्या लोकरीचा कमरपट्टा चढवलेला होता. ती धागा आत सरकवत होती आणि मी तो ठोकून बसवत होते. दारातून सफरचंदांचा वास आत येत होता. तिची मुलगी नोल्फा चुलीजवळ बसून संध्याकाळच्या बसची वाट पाहत होती. चार दिवसांसाठी ती सांतियागोहून आली होती आणि आता निघायची होती.

मित्रांनो, मी एक जुनी लाकडी पट्टी आहे. हातभर लांब, तलवारीसारखी चपटी, एका बाजूला टोक मोडलेली. विणताना धाग्यावर धागा घट्ट बसवणे एवढेच माझे काम. आमच्याकडे मला न्येरेवे म्हणतात. आम्ही मापुचे, म्हणजे या भूमीची माणसे. बाहेरच्यांनी आम्हाला अराउकानो असे नाव दिले आणि पुस्तकांत तेच छापले, पण त्या नावाने आमच्यातल्या कोणी कोणाला कधी हाक मारली नाही. हाक मारायचे शब्द वेगळे असतात. माझी गोष्ट अशाच एका शब्दाची आहे.

"इकडे ये. उभी राहा," दोमितिला म्हणाली आणि लोकरीचा एक धागा तिने मुलीच्या कमरेभोवती गुंडाळला. "पोट आत ओढू नकोस."

"ओढत नाहीये, आई."

"ओढतेयस. एवढी वर्षं शहरात राहून हेच शिकलीस. सोड श्वास."

दोमितिलाची नणंद एदुविना शेजारच्या घरातून रोज सकाळी येई आणि अंधार पडला की जाई. ती दारातल्या बाकावर सफरचंदे चिरत बसली होती. तिथूनच ती म्हणाली, "वहिनी, हिच्या कमरेला पुरायचं तर अजून दोन मेंढ्या लागतील."

"आत्या, तुझ्या कमरेला कळप लागला होता म्हणे," नोल्फा म्हणाली.

"लागला होता. आणि शोभूनही दिसायचा."

दोमितिलाने हसत धाग्याला गाठ मारली. माप झाले. तो धागा तिने मागाच्या खुंटीला अडकवला आणि पुन्हा मला हातात घेतले.

"न्यावे, अजून थोडं माटे घे. बसमध्ये पोटाला ऊब राहील."

नोल्फाने त्या कडवट, गरम पेयासाठी पेला पुढे केला, पण तिच्या मनात काहीतरी होते. ती म्हणाली, "आई, एक सांगू? रागावू नकोस."

"सांग."

"मी शहरात आपल्या भाषेच्या वर्गाला जाते ना, तिथे बाईंनी शिकवलं. न्यावे असं बाप म्हणतो मुलीला. आई म्हणते पुन्येन. तू मला पहिल्यापासून चुकीचं म्हणतेस."

मी धाग्याच्या जरा वर, हवेतच थांबले. बाकावर एदुविनाने काहीतरी बोलायला तोंड उघडले. दोमितिलाने तिच्याकडे नुसते पाहिले. एदुविनाने तोंड मिटले आणि पुढचे सफरचंद उचलले.

"शिकवतात होय आता?" दोमितिला म्हणाली. "वर्गात बसवून?"

"हो. दर शनिवारी."

"आणि चुकलं तर?"

"चुकलं तर काय? परत म्हणायचं."

दोमितिलाने आपल्या डाव्या तळहाताकडे पाहिले. मग ती म्हणाली, "छान आहे हे. मी चुकत असेन गं. आता या वयात काय सुधारायचं."

आणि तिने मला धाग्यावर आणले. ठोका नेहमीइतकाच पडला. मला माहीत आहे, कारण तो मीच दिला.

बस आली तेव्हा ती फाटकापर्यंत गेली. मी तिच्या हातातच राहिले होते, ठेवायचे तिच्या लक्षात आले नाही. "जपून जा, न्यावे," ती म्हणाली. नोल्फा हसली, मान हलवली आणि बसमध्ये चढली. आईने या शब्दाने हाक मारली की ती येई, ऐके, हसे. पण त्या हाकेचे उत्तर देत नसे. कधीच दिले नव्हते.

त्या घरातला दोघींचा हा शेवटचा साधा दिवस. मित्रांनो, आता मला मागे जावे लागेल.

आमच्या ओढ्यांच्या काठी लुमा नावाचे झाड वाढते. त्याचे लाकूड इतके जड की पाण्यात टाकले तर बुडते. त्या झाडाच्या फांदीतून ल्यांकाफिल नावाच्या तरुणाने मला घडवले. नदीतल्या खरबरीत दगडाने घासले, मेंढीच्या चरबीने चोळले आणि नव्याने घरी आलेल्या आपल्या बायकोच्या हातात दिले. तिचे नाव काल्फुराय. निळे फूल असा त्याचा अर्थ.

ती माझी पहिली मालकीण आणि दोमितिलाची आजी. तिने विणलेल्या पोंचोत, म्हणजे डोक्यातून घालायच्या घोंगडीत, पाणी शिरत नसे. डोंगरापलीकडून आलेल्या एका व्यापाऱ्याने तिच्या पोंचोच्या बदल्यात तांबूस घोडी दिली, आणि वरून म्हणाला, "बाई, घोडी म्हातारी होईल, पोंचो व्हायचा नाही." त्या वेळी नदीकाठची सपाट जमीन आमची होती. घरात चूल कधी विझत नसे आणि मी भिंतीला टेकून उभी असले की पाहुणे मला हात लावून बघत. कौतुक कसे असते ते मला तेव्हा कळले.

मग सांतियागोच्या सरकारचे सैन्य आले. नद्यांच्या काठाने एकेक किल्ला उभा करत ते पुढे सरकत होते. एका उन्हाळ्यात आमचे घर आणि गव्हाची गंज एकाच दुपारी जळाली. मागाचे खांब त्यातच गेले. ल्यांकाफिल भाला घेऊन निघाला तो परत आला नाही. काल्फुरायने लहान मुलाला पाठीशी बांधले, मला कमरपट्ट्यात खोचले आणि डोंगराची वाट धरली.

तो हिवाळा मी विणले नाही. मी जमीन उकरली. वर बर्फ, खाली गोठलेली माती आणि तिच्याखाली कुठेतरी रानकंद. धाग्यावर हलकेच टेकायची सवय असलेली मी दगडांवर आपटत राहिले. एके दिवशी माझे टोक मोडले. घर जळताना काल्फुराय रडली नव्हती. त्या दिवशी रडली. मग डोळे पुसून तिने मोडक्या टोकानेच पुन्हा उकरायला सुरुवात केली, कारण मुलगा भुकेला होता.

ती परतली तेव्हा नदीकाठ दुसऱ्यांचा झाला होता. लोखंडी साखळ्या घेऊन माणसे जमीन मोजत फिरत होती. मोजून झाल्यावर आमच्या वाट्याला टेकडीचा उतार आला. पुढेही शेजारच्या मळ्याचे कुंपण अधूनमधून आत येत राहिले. कुंपणाला पाय नसतात, पण आमच्याकडची कुंपणे चालत. काल्फुरायने उतारावर घर बांधले, चार नवे खांब रोवले आणि मला हातात घेतले. लोकर कमी होती, म्हणून ती अरुंद विणू लागली. पोंचोऐवजी कमरपट्टे.

पुष्कळ वर्षांनी तिच्या त्या मुलाला मुलगी झाली. तीच दोमितिला. आमच्यात मुलगी जन्मली की तिच्या हातांवर कोळ्याचे जाळे चोळतात, म्हणजे हात विणकराचे होतात. म्हातारी काल्फुराय काठी टेकत ओढ्यापर्यंत गेली आणि दवाने भिजलेले जाळे पानावर धरून घेऊन आली. बाळाची आई तापात गेली होती. जाळे चोळताना म्हातारी बाळाला म्हणाली, "रड, रड. पण मूठ उघड आधी."

पोर मोठी झाली आणि खरोखर तिचे हात तसेच निघाले. पण तिला शाळेत घातले. शाळा आमच्या भाषेची नव्हती. पहिल्याच आठवड्यात तिला तहान लागली आणि तिने पाणी मागितले. "को" म्हणाली. आमच्या भाषेत पाण्याला को म्हणतात. तिच्या डाव्या तळहातावर छडी बसली. पाणी मिळाले नाही.

घरी आली तेव्हा हात इतका सुजला होता की धागा धरता येईना. काल्फुरायने पाला ठेचून बांधला. मग मागापाशी बसली आणि मला इतक्या जोराने आपटले की ताण्याचे धागे तुटले. एवढ्या वर्षांत तिने धागा तोडल्याचे मला दुसरे आठवत नाही.

आमच्याकडे विणकर बाई गेली की तिची हत्यारे पुरताना तिच्याबरोबर पेटीत ठेवतात. काल्फुरायची वेळ आली तेव्हा शेजारणीने मला उचलून आणले. म्हातारी अजून शुद्धीत होती. तिने डोळे उघडून पाहिले आणि म्हणाली, "हिला कुठे नेता? एकदा जमिनीत जाऊन आलीय ती. पुरे झालं. पोरीकडे द्या." अशी मी दोमितिलाची झाले. पुढे कोणीही माझ्या मोडक्या टोकाबद्दल विचारले की दोमितिला तेच सांगे. "एकदा जमिनीत जाऊन आलीय."

दोमितिलाचे लग्न फेर्मिनशी झाले. तो एदुविनाचा भाऊ. दोघेही थट्टेखोर. तो संध्याकाळी कामावरून येई, दोमितिलाला मागापाशी बघे आणि कपाळाला हात लावे. "सकाळी हिच्या हातात ती, संध्याकाळी हिच्या हातात ती. या घरात मला सवत आणलीय."

"सवत काम करते," दोमितिला मान वर न करता म्हणे. "तू काय करतोस?"

"मी हाका मारतो."

आणि ते खरे होते. त्यांना नोल्फा झाली आणि बोलायच्या वयाची झाली, तेव्हा दोमितिलाने ठरवले होते की या पोरीशी आपली भाषा बोलायची नाही. स्पॅनिश बोलायचे. हिचा हात सुजता कामा नये. फेर्मिनने ते मान्य केले, पण एका शब्दापुरते केले नाही.

आमच्या भाषेत आई आणि बाप मुलांना एकाच शब्दाने हाक मारत नाहीत. आई म्हणते पुन्येन. मुलगी असो की मुलगा, तिच्या पोटातून आलेले ते लेकरू. बाप मुलीला म्हणतो न्यावे. तो शब्द बापाच्याच तोंडात असायचा. दुसऱ्या कोणी वापरला तर लोक हसतात, जसे बापाचा कोट घालून बाई बाजारात गेली तर हसतील.

"तिला सवय लागेल," दोमितिला म्हणे.

"एक शब्द तर आहे. एका शब्दाने काय हात सुजतो?"

"माझा सुजला होता."

पण दुसऱ्या दिवशी संध्याकाळी फाटकातून त्याने हाक मारलीच. "न्यावे!" आणि पोर कोंबड्यांमधून धावत सुटली. "चाव, आले!" चाव म्हणजे बाप. मागावर मी धाग्यावरच थबकले, कारण दोमितिलाचा हात थांबला होता. ती हसत होती. त्यानंतर तिने त्याला कधी अडवले नाही. रोज संध्याकाळी ती हाक येई आणि रोज ते उत्तर जाई.

टेकड्यांवर तेव्हा पाइनची झाडे लावली होती, ओळीच्या ओळी. फेर्मिन ती कापायला जाई. एके दिवशी कापलेले झाड चुकीच्या बाजूला पडले.

नोल्फा लहान होती. बाप नाही याचा अर्थ तिला कळला नाही. संध्याकाळ झाली की ती फाटकापाशी जाऊन उभी राही. पहिल्या दिवशी दोमितिलाने तिला उचलून आत आणले. दुसऱ्या दिवशीही आणले. एदुविना म्हणाली, "राहू दे, वहिनी, दमेल आणि येईल." पोर दमली, पण आली नाही. अनेक संध्याकाळी ती तिथे उभी राहिली. थंडी वाढत गेली.

अशाच एका संध्याकाळी दोमितिला विणत होती. तिने मला मांडीवर ठेवले. दाराकडे वळून ती हाक मारणार होती, आणि तिच्या ओठांवर नोल्फा हेच नाव होते. ते तिने गिळले. मग आवाज जरा जाड करून ती म्हणाली, "न्यावे!"

पोर वाऱ्यासारखी धावत आली. दारात थांबली. चुलीच्या उजेडात आई बसली होती, दुसरे कोणी नव्हते. तिने घरभर पाहिले. तिचे तोंड उत्तरासाठी उघडले होते, ते तसेच मिटले. मग ती आईच्या कुशीत येऊन बसली आणि माझ्या मोडक्या टोकावरून बोट फिरवू लागली. त्या संध्याकाळनंतर ती फाटकापाशी उभी राहिली नाही. आणि त्या संध्याकाळनंतर दोमितिलाने तिला दुसऱ्या कोणत्याही शब्दाने हाक मारली नाही.

एदुविनाने हे ऐकले तेव्हा पोट धरून हसली. "वहिनी, आता मिशाही ठेव."

"ठेवते. तुझ्या नवऱ्याचा वस्तरा आणून दे. नाहीतरी तो कुठे वापरतो?"

गावात सगळे हसले. दोमितिलाही हसली. तिने कोणाला काही समजावून सांगितले नाही.

मित्रांनो, यानंतरची वर्षे माझ्या उपेक्षेची आहेत. पाइन वाढले तसे ओढे आटले. विहिरीत दगड टाकला तर कोरडा आवाज येई. पाणी टाकीच्या गाडीतून येऊ लागले. चरायला जागा उरली नाही, म्हणून मेंढ्या विकल्या. शहरातून रंगीत घोंगड्या आल्या, हलक्या आणि स्वस्त. मला आढ्यात खोचून ठेवले. धुराने काळी पडत गेले. एक हिवाळा मी दाराचा अडसर म्हणून काढला. एकदा माझ्या फटक्याने घूस मारली. मी तक्रार केली नाही. जमीन उकरलेल्या पट्टीला अडसर होण्याची लाज वाटत नाही. पण धाग्याची आठवण येई.

नोल्फा मोठी झाली आणि सांतियागोला गेली. आधी कोणाच्या तरी घरी धुणीभांडी, मग संध्याकाळची शाळा, मग एका ग्रंथालयात नोकरी. ती पुष्कळ वाचायची. सुट्टीला आली की आईला पुस्तकातले सांगायची. आपल्या लोकांबद्दल कोणी काय लिहिले आहे, कोणत्या साली कोणती लढाई झाली. दोमितिला ऐकून घेई आणि म्हणे, "असं झालं होय. आजी म्हणायची, त्या वर्षी कंद छोटे होते."

मग एकदा नोल्फा म्हणाली, "आई, मला कमरपट्टा विणून देशील? तुझ्या हातचा." दोमितिलाने तिच्याकडे पाहिले. मग बाकावर चढून मला आढ्यातून काढले, राखेच्या पाण्याने धुतले आणि चरबीने चोळले. एदुविनाने कुठूनतरी लोकर मिळवली. दोमितिलाने ताणा लावला तेव्हा ती धागे आमच्या भाषेत मोजत होती. किन्ये, एपू, क्युला. एक, दोन, तीन. नोल्फाला ते आकडे लहानपणापासून ऐकून पाठ होते. आईकडून मिळालेली तेवढीच भाषा तिच्याजवळ होती. ते आकडे, आणि तो एक चुकीचा शब्द.

आता मी त्या दिवसापाशी परत येते.

बस गेल्यावर दोमितिला घरात आली आणि पुढचे काही दिवस विणतच राहिली. एदुविना म्हणाली, "सांगून टाकायचंस की तिला. मी सांगणार होते."

"कशाला? बिचारी शिकतेय. बरोबर काय ते तिला कळलं, चांगलं झालं."

"आणि तू?"

"मी काय. मला सवय लागलीय."

मग एका सकाळी एदुविना भाकरी घेऊन आली. दोमितिला मागासमोर बसलेली होती. कपाळ ताण्याला टेकलेले, मी मांडीवर.

"वहिनी, झोपलीस काय मागावर?" एदुविना म्हणाली. तिने भाकरी ठेवली, जवळ आली, खांद्याला हात लावला. मग ती तिच्या शेजारी जमिनीवर बसली. बराच वेळ बसून राहिली. "अशी कशी गं," एवढेच ती म्हणाली, आणि तिने वहिनीची वेणी सारखी केली.

नोल्फा दुसऱ्या दिवशी पोचली. रडली नाही. ती पाणी भरत होती, येणाऱ्यांना बसायला फळ्या मांडत होती, मटणाच्या हंड्याखाली लाकडे सारत होती. मागावर पट्टा अर्धा होता. खुंटीला तिच्या कमरेचे माप लटकत होते, गाठ मारलेले. तिकडे ती बघत नव्हती.

आमच्यात माणूस गेला की त्याचे आयुष्य त्याच्यासमोर बोलून दाखवतात. पेटीच्या दोन बाजूंना दोन बोलणारे उभे राहतात, एक आईच्या कुळाचा, एक बापाच्या कुळाचा. तो कोणाचा कोण, कुठून आला, काय केले, कुठे चुकला, कशावर हसला. सगळे. मग घरचे बोलतात. काही सांगायचे राहून गेले तर जाणाऱ्याचा पाय निघत नाही, तो उंबऱ्याशीच घुटमळतो. म्हणून आम्ही काही ठेवत नाही.

पेटी पाइनची होती. आता दुसरे लाकूड मिळत नाही.

दोन्ही बोलणारे म्हातारे चांगले बोलले. काल्फुराय आली, डोंगर आला, शाळा आली, छडी आली. त्यांनी सगळे आमच्या भाषेत सांगितले. नोल्फा ओठ घट्ट मिटून ऐकत होती. तिला निम्मे कळत होते.

मग एदुविना पुढे आली. तिने मला हातात धरले होते, पेटीत ठेवायला म्हणून. तिने नोल्फाकडे पाहिले आणि स्पॅनिशमध्ये बोलू लागली.

"मी हिची थट्टा करायचे. सगळ्यांना माहीत आहे. मी हिला म्हटलं, मिशा ठेव. पोरीला बापाच्या शब्दाने हाक मारते म्हणून. एकदा आम्ही दोघीच बटाटे काढत होतो. मी म्हटलं, वहिनी, खरं सांग, तुला फरक कळत नाही होय? ती म्हणाली, तुझा भाऊ गेला ते गेला. पण पोरीच्या वाट्याचा शब्द का जावा? तो म्हणायला आता कोणी नाही. मग मीच म्हणते. पुन्येन तर ती आहेच, ते मी मनात म्हणते." एदुविनाने नाक पुसले. "आणि म्हणाली, कोणाला सांगू नकोस. मी सांगितलं नाही. पण आज काही ठेवायचं नसतं. म्हणून सांगितलं."

हंड्याखाली लाकूड तडकले.

एदुविनाने वाकून मला पेटीत ठेवायला हात पुढे केला. नोल्फा पुढे झाली आणि तिने मला धरले.

"नको, आत्या," ती म्हणाली. "एकदा जमिनीत जाऊन आलीय ती."

एदुविनाने मला सोडले.

मित्रांनो, आज मी नोल्फाच्या घरी असते, शहरात, खिडकीजवळ. तो अर्धा पट्टा तिने मागासकट नेला. तिचे ठोके अजून हलके पडतात आणि आईच्या विणीजवळ तिची वीण सैल दिसते. पण रोज संध्याकाळी ती मला हातात घेते. जुन्या वस्तू जपा असे सांगायला मी आले नाही. वस्तू तुटतात, अडसर होतात, तरी टिकतात. तुमच्या घरात कोणी म्हातारे माणूस एखादा शब्द चुकीचा बोलत असेल, तर तो लगेच दुरुस्त करू नका. आधी विचारा, हा तुझ्यापाशी कुठून आला? आणि विचारायचे ते ऐकायला माणूस बसलेले आहे तोवर विचारा. मी सगळे ऐकत होते, पण मी लाकूड. मला विचारून काय उपयोग होता?

आता त्या दुपारचे थोडेच उरले आहे.

आईच्या कुळाच्या म्हाताऱ्याने विचारले, "लेक काही बोलणार का? आपल्या भाषेत जमत नसेल तर जमेल त्या भाषेत बोल, बाळ. तिला सगळ्या कळतात आता."

नोल्फा पेटीजवळ आली. वर्गात शिकलेली नीट वाक्ये तिने मनात जुळवलेली असणार, कारण तिचे ओठ दोनदा हलले. त्यातले एकही बाहेर आले नाही. मग ती स्पॅनिशमध्ये बोलली. करपलेला पाव आई स्वतः खायची आणि 'मला आवडतो' म्हणायची, हे सांगितले. तिने आपली कंबर मोजली, हे सांगितले. आपण तिला 'तुझं चुकतं' म्हटले आणि ती म्हणाली, 'चुकत असेन', हे सांगितले. तिथे ती थांबली. तिची बोटे माझ्या मोडक्या टोकावर आली, लहानपणी यायची तशी.

ती वाकली आणि हलकेच म्हणाली, "चाव."

मागे फळीवर बसलेला एक म्हातारा शेजाऱ्याकडे झुकला. "चाव कुठली? आई आहे ना पेटीत? चुकली पोर."

"चुकली नाही," एदुविना मागे न वळता म्हणाली. "ऐका."

नोल्फा सरळ उभी राहिली. आवाज आता घरातला नव्हता. कोंबड्यांमधून धावत निघालेली मुलगी फाटकाकडे जसा देते, तसा होता.

"चाव, आले! आले मी."